एकही प्रत बाहेर गेली नाही

माणसांच्या आठवणी लिहिणारे बहुतेक लोक शेवटच्या पानाशी येऊन विरघळतात. ज्या मास्तरांनी आयुष्यभर झोडपलं त्यांच्या छडीतसुद्धा त्यांना माया दिसायला लागते. मी आधीच सांगून टाकते, माझं तसं काही होणार नाही. साहेब माझे वरिष्ठ होते. त्यांच्या हाताखाली मी काही वर्षं काढली आणि त्या वर्षांत त्यांच्याविषयीचं माझं मत एकदाही सुधारलं नाही. पुढे ते निवृत्त झाले, मग वारले. गेलेल्या माणसाविषयी चांगलं बोलावं म्हणतात, म्हणून एक चांगली गोष्ट सांगते. त्यांनी कधी लाच घेतली नाही. घेतली असती तर निदान लोकांची कामं तरी झाली असती.

नवं राज्य झालं आणि रायपूर राजधानी झालं तेव्हा सरकारला बसायला जागा नव्हती. एक खातं दवाखान्यात, एक कुठल्याशा वसतिगृहात, एक गोदामात, असं जिथे छप्पर दिसेल तिथे सरकार शिरलं होतं. आमची शासकीय प्रकाशनांची शाखा समता कॉलोनीतल्या एका भाड्याच्या बंगल्यात होती. वरच्या मजल्यावर घरमालक राहायचे, खाली आम्ही. दिवाणखान्यात साहेब बसत, झोपायच्या खोलीत मी आणि माझा टाइपरायटर, आणि स्वयंपाकघरात राज्याचे सगळे कायदे. ओट्यावर राजपत्रांचे गठ्ठे, फळ्यांवर विधेयकं, भांडी घासायच्या मोरीत समित्यांचे अहवाल. मोरीचा नळ साहेबांनी तारेनं आवळून ठेवला होता. वर घरमालकीणबाईंनी फोडणी दिली की खाली अर्थसंकल्पावर हिंगाचा वास यायचा.

आमचं काम साधं होतं. सरकार जे जे छापतं, म्हणजे नवे कायदे, चर्चेसाठी आलेली विधेयकं, सुरक्षेच्या अधिसूचना, खात्यांच्या कारभारावर नजर ठेवणाऱ्या समित्यांचे अहवाल, ते सगळं छापखान्यातून आमच्याकडे यायचं आणि ज्याला हवं त्याला छापील किमतीत विकायचं. शाखा त्यासाठीच होती. दुसरं काही काम नव्हतं. आणि हे एवढं एक काम साहेबांनी कधी होऊ दिलं नाही.

साहेब मूळचे आमच्यासारखेच विदर्भातले, पण नोकरी सगळी भोपाळात गेलेली. राज्य फुटलं तेव्हा कर्मचाऱ्यांची वाटणी झाली आणि साहेब इकडच्या वाट्याला आले. ही गोष्ट त्यांनी कधी कोणाला विसरू दिली नाही. चहा पातळ आला, "भोपालमध्ये असा नव्हता." पंखा आवाज करायला लागला, "भोपालमध्ये करत नव्हता." घरी त्यांचा मुलगा त्यांना हिंदीत उत्तरं द्यायचा, त्याचाही दोष रायपूरलाच. बुटके, गोरे, केस चापून मागे वळवलेले, आणि पँटच्या आत एक चोरखिसा शिवून घेतलेला. त्या खिशात स्वयंपाकघराच्या कुलपाची किल्ली असायची. ती काढताना ते आमच्याकडे पाठ करून उभे राहत. मी तोंड दुसरीकडे वळवायची, किल्लीसाठी नाही, लाजेखातर.

छापखान्याचा टेम्पो आला की त्यांचा सण असायचा. साबणानं हात धुऊन ते फाटकाशी उभे राहत. शिपाई मंगलू एकेक गठ्ठा उतरवायचा, साहेब त्याची सुतळी तपासायचे, गाठ दाबून बघायचे आणि गठ्ठ्याला नाक लावून शाईचा वास घ्यायचे. मग जुनं वर्तमानपत्र गुंडाळून गठ्ठा आत. छापखान्याची गाठ ते कधी सोडत नसत. मी एकदा विचारलं, "साहेब, गाठ सोडल्याशिवाय विकायचं कसं?"

"विकायची घाई काहून आहे तुम्हाले?" ते म्हणाले. "छापणं सरकारचं काम. छापून झालं. आता सांभाळणं आपलं काम."

"आणि वाचणं?"

"वाचलं की माणसाले शंका येते. शंका आली का तो विचारते. विचारलं का वर उत्तर द्यावं लागते. कायले पायजे ही झंझट?"

मंगलू म्हणाला, "हव." मंगलू साहेबांच्या प्रत्येक वाक्यानंतर "हव" म्हणायचा. छत्तीसगढीत त्याचा अर्थ हो. मंगलूच्या तोंडी त्याचा अर्थ मला घरी कधी जायला मिळेल एवढाच होता.

विक्रीची खिडकी म्हणजे स्वयंपाकघराची मागच्या गल्लीत उघडणारी खिडकी. दर्शनी भागातला 'शासकीय प्रकाशन विक्री केंद्र' हा फलक उन्हानं रंग उडतो म्हणून साहेबांनी भिंतीकडे तोंड करून लावला होता. विक्रीची वेळ त्यांनी ठरवली ती नेमकी जेवायच्या सुट्टीची, आणि त्या वेळात स्वतः डबा उघडून बसत. तरीही एखादा चिवट माणूस गल्लीतून वाट काढत खिडकीशी पोचलाच तर त्याची चौकशी सुरू. नाव काय, वडिलांचं नाव काय, राहता कुठल्या पाऱ्यात म्हणजे मोहल्ल्यात, हा कायदा तुम्हाला कशाला हवा, शेजाऱ्याशी भांडण आहे का. एकदा एक वयस्कर वकील आले. भाडेकरूंचा कायदा मागत होते. साहेबांनी त्यांच्या तीन पिढ्या विचारल्या. वकील चिडून म्हणाले की एवढं तर आमच्या पोरीला बघायला आलेल्यांनी विचारलं नव्हतं. साहेबांनी शांतपणे घास गिळला आणि सांगितलं, "त्यात आणि ह्यात फरक आहे. हे सरकारी आहे."

विधेयकांबाबत त्यांची पद्धत तर फारच भारी होती. एखादं विधेयक लोकांनी वाचावं आणि हरकती, सूचना कळवाव्यात म्हणून सरकार छापायचं. त्यावर मुदत लिहिलेली असायची. कायद्याच्या कॉलेजातली एक मुलगी असं एक विधेयक मागायला रोज यायची. साहेब तिला रोज उद्या या म्हणायचे. मुदत टळली त्याच्या दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतः होऊन तिला हाक मारली आणि प्रत पुढे केली. "घे बेटा, आता घेऊन जा. आता काही धोका नाही." त्या मुलीनं प्रत घेतली नाही. साहेबांकडे तिनं एकदाच पाहिलं आणि ती निघून गेली. ती नजर मला अजून आवडते, कारण साहेबांसाठी नेमकी तीच योग्य होती.

'सुरक्षा' हा शब्द मात्र साहेबांना सगळ्यात जवळचा. तो कुठेही दिसला की ते आवाज खाली आणत. एकदा गृहखात्याकडून नागरिकांसाठी एक पुस्तिका आली. बेवारस पिशवी दिसली तर काय करावं, अनोळखी भाडेकरू ठेवताना काय विचारावं, अशा साध्या सूचना. घरोघरी वाटायची होती. मुखपृष्ठावर मोठ्या अक्षरांत 'सुरक्षा' छापलं होतं. साहेबांनी सगळे गठ्ठे ओट्याखालच्या कप्प्यात, जिथे गॅसचं सिलिंडर ठेवतात तिथे कोंबले आणि कुलूप घातलं. पावसाळ्यानंतर कप्पा उघडला तेव्हा वाळवीनं पुस्तिका पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचून संपवली होती. साहेबांना वाईट वाटलं, पण थोडंच. बाहेर तर काही गेलं नव्हतं.

आणि अशा माणसाला शाबासकी मिळाली हे सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. सरकारी प्रकाशनं लोकांपर्यंत नीट पोचतात की नाही हे बघायला एक समिती आली. आमदार होते, अधिकारी होते, घामानं निथळलेले. साहेबांनी कुलूप काढून दार उघडलं. छतापर्यंत गठ्ठे. समितीच्या सदस्यांनी असं भरलेलं, नीटनेटकं सरकारी स्वयंपाकघर कधी पाहिलं नव्हतं. इतर ठिकाणी म्हणे साठा अपुरा असतो. त्यांनी लिहिलं, साठा परिपूर्ण, व्यवस्था अनुकरणीय. तो अहवाल छापून आमच्याकडेच आला आणि मोरीत गेला. अभिनंदनाचं पत्र साहेबांनी चौकटीत घालून डोक्यामागे लावलं. त्या दिवसापासून कोणाला काही देणं म्हणजे शासनाच्या विश्वासाला तडा असं त्यांचं पक्कं झालं.

इथपर्यंत मी त्यांच्यावर हसत होते. घरी बाबांना रोजचा एकेक किस्सा सांगायची आणि बाबा, ज्यांची सारी नोकरी रेल्वेत गेली होती, म्हणायचे, "पोट्टे, आमच्याकडं असा एक असता तर गाडीच सुटू देली नसती." मग ज्योत्स्ना आली आणि माझं हसणं थांबलं.

खिडकीशी एक बाई उभी होती. माझ्याच वयाची, पदर कमरेला खोचलेला, हातात प्लॅस्टिकची पिशवी. हिंदीत विचारलं, कायद्याचे कागद इथेच मिळतात का. मी हो म्हटलं आणि बोलण्यावरून ओळखून मराठीत विचारलं, कुठल्या तुम्ही. तिच्या चेहऱ्यावर एकदम सुटकेसारखं काहीतरी आलं.

"बीरगावले राहतो ताई. मूळचे भंडाऱ्याकडचे. सासरा रेल्वेत होता माह्या. नवरा सिलतऱ्याले लोखंडाच्या कारखान्यात आहे. होता." तिनं श्वास घेतला. "त्याले पकडून नेलं जी."

तिचा नवरा दिलीप. कारखान्यात एका सोबत्याच्या पायावर तापलेला लोखंडी चुरा सांडला. तो मनुष्य भाजला, आणि कारखान्यानं तो आमचा नव्हताच असं सांगितलं. दिलीपनं चार ओळींचं पत्रक छापून आणलं. सगळ्यांना बूट आणि हातमोजे द्या, भाजलेल्याचा दवाखान्याचा खर्च द्या, एवढंच त्यात होतं. पाळी सुटताना फाटकावर तो ते वाटत होता. पोलिसांनी उचललं आणि सुरक्षेच्या कायद्याखाली आत ठेवलं. कारण काय, तर सिलतऱ्याचा सगळा पट्टा संवेदनशील जाहीर झालाय आणि तिथे छापील कागद वाटायला मनाई आहे. तशी अधिसूचना निघाली आहे, तिचा क्रमांक त्याला दिलेल्या कागदावर होता. आता पुढच्या आठवड्यात एक सल्लागार मंडळ बसणार होतं. अशा कोंडलेल्या माणसाला आत ठेवणं बरोबर आहे का, हे बघायलाच कायद्यानं ते मंडळ नेमलेलं असतं. तिथे वकील चालत नाही. दिलीपला स्वतःच बोलायचं होतं. मंडळानं त्याचं म्हणणं मान्य केलं तर तो सुटणार, नाही तर महिनोन्‌महिने आत.

"काय मोडलं तेच समजून नाही राहिलं त्याले," ती म्हणाली. "मनाई कशाची आहे, कुठून कुठवर आहे, काहीच माहीत नाही. बोलन काय मंग तो? मले तो एकच कागद पायजे ताई. पैसे आणले मी."

ती अधिसूचना आमच्याकडे होती. गठ्ठा ओट्यावर, खिडकीपासून हातभर अंतरावर, वर्तमानपत्रात गुंडाळलेला. वर साहेबांच्या अक्षरात क्रमांक. दुसरीकडे कुठे मिळणार नव्हती, कारण कोर्टापासून कचेरीपर्यंत सगळीकडे आमच्याकडूनच जायचं, आणि आमच्याकडून काही जात नव्हतं. मी साहेबांना बोलावून आणलं. ते डबा झाकून आले.

"काहून पायजे?"

तिनं सगळं पुन्हा सांगितलं. साहेबांनी ऐकून घेतलं आणि आवाज खाली आणला. "ज्याच्यावर कारवाई झाली त्याच्याच घरच्याले देऊ? वाचून पळवाट शोधाल तुम्ही."

"पळवाट कायची साहेब. वाटच दिसून नाही राहिली अजून."

"लेखी अर्ज द्या."

तिनं तिथेच खिडकीच्या कठड्यावर कागद ठेवून अर्ज लिहिला. साहेबांनी तो वाचला, शिक्का मारला आणि म्हणाले, विचार करू. दुसऱ्या दिवशी ती आली तेव्हा विचार चालू होता. त्याच्या पुढच्या दिवशीही. बीरगावहून टेम्पोनं यायची, चौकातून चालत. एका दिवशी तिनं साहेबांसाठी पिशवीतून केळी काढली. साहेबांनी ती परत केली आणि आपल्या सचोटीचं मला दिवसभर कौतुक सांगितलं.

त्या संध्याकाळी मी त्यांच्या टेबलापुढे जाऊन उभी राहिले. "साहेब, प्रत्येक राजपत्रावर किंमत छापलेली असते. खाली लिहिलेलं असतं, सर्वसाधारण जनतेच्या माहितीसाठी. ती बाई जनता नाही तर कोण आहे?"

"ते रिवाज म्हणून छापतात."

"तिचा नवरा आत बसलाय. त्याला काय मनाई होती ते तरी कळू द्या."

"मॅडम," साहेब म्हणाले, आणि 'मॅडम' ते रागावले की म्हणत, "सुरक्षेचा मामला आहे. उद्या प्रत बाहेर गेली, कोणाच्या हाती पडली, तर माही मान जाईल. तुमची नाही."

"तो कागद लोकांना मना करणारा आहे. लोकांनी वाचलाच नाही तर मनाई कळणार कशी?"

"कळाची गरज काय? पाळली म्हणजे झालं."

मी वरच्या कार्यालयाला तक्रार लिहिली. ती तक्रार अभिप्रायासाठी साहेबांकडेच आली. त्यांनी ती उलटी करून पेपरवेटखाली ठेवली. मला त्या क्षणी त्यांचा इतका राग आला की भीतीसुद्धा वाटली नाही. एक माणूस कागद वाटले म्हणून तुरुंगात होता आणि एक माणूस कागद वाटले नाहीत म्हणून चौकटीत लावलेल्या पत्राखाली बसून बडीशेप चघळत होता. आणि दोघांना एकच सरकार सांभाळत होतं.

मंडळाच्या बैठकीच्या आदल्या दिवशी आमच्या शाखेला निरोप आला. अधिसूचनेचा साठा घेऊन संबंधित अधिकाऱ्यानं हजर राहावं. साहेबांचा चेहरा उजळला. सुरक्षेच्या मंडळानं त्यांना बोलावलं होतं. सकाळी ते बंद गळ्याचा कोट घालून आले, रायपूरच्या उन्हाळ्यात. गठ्ठा लाल फडक्यात बांधला, सायकल रिक्षात मांडीवर घेतला. मागच्या रिक्षात मी आणि मंगलू.

मंडळ एका सरकारी विश्रामगृहाच्या खोलीत बसलं होतं. दारं बंद. अध्यक्ष निवृत्त न्यायाधीश होते, जाड काचांचा चष्मा, कोणाचंही बोलणं न तोडणारे. समोर दिलीप, बाजूला पोलीस शिपाई. त्याला मी पहिल्यांदाच पाहत होते. उंच, हडकुळा, गालावर जुना भाजल्याचा डाग. सरकारची बाजू मांडायला गृहखात्याचे एक तरुण अधिकारी होते. ज्योत्स्नाला आत येऊ दिलं नव्हतं. ती बाहेर कडुनिंबाखाली उभी होती आणि खिडकीतून मला तिचा फक्त पदर दिसत होता.

अध्यक्षांनी दिलीपला हिंदीत विचारलं, काय म्हणायचंय. तो म्हणाला, "साहब, मुझे मालूम ही नहीं था कि मना है. मेरी घरवाली वो कागज लेने रोज गई. नहीं मिला. आज तक देखा नहीं हमने."

तरुण अधिकारी लगेच म्हणाले की अधिसूचना राजपत्रात प्रसिद्ध झाली आहे, म्हणजे ती सगळ्यांना माहीत आहे असंच धरलं जातं.

अध्यक्ष साहेबांकडे वळले. "प्रकाशन आप देखते हैं? यह लोगों तक पहुँची?"

मी शेजारीच उभी होते, म्हणून साहेबांच्या डोक्यात काय चाललंय ते मला त्यांच्या ताठ होत गेलेल्या मानेवरून कळलं. त्यांना वाटलं चौकशी कागद फुटल्याची आहे. सुरक्षेचा कागद बाहेर गेला असा संशय मंडळाला आलाय आणि तो त्यांच्यावर आलाय. त्यांनी कोट खाली ओढला आणि छातीवर हात ठेवला.

"बिलकुल नहीं, श्रीमान. एक भी प्रति बाहर नहीं गई."

तरुण अधिकाऱ्यांना ठसका लागला. त्यांनी हातानं खूण केली, थांबा. साहेबांना ती शाबासकी वाटली.

"गट्ठा सामने है. छापेखाने की गाँठ वैसी की वैसी है. आप खुद देख लीजिए."

"किसी ने माँगी थी?" अध्यक्षांनी हळूच विचारलं.

"माँगी थी, श्रीमान. इन्हीं की पत्नी ने. बार-बार. हाथ जोड़े, फल लाई. मैंने नहीं दी."

दिलीप साहेबांकडे बघत होता. रागानं नाही, आ वासून. अध्यक्षांनी चष्मा काढून पुसला आणि गठ्ठा उघडायला सांगितला. गाठ सुटेना. मंगलूनं दातानं ओढली. आतल्या प्रती एकमेकींना चिकटलेल्या होत्या, वरची सोडवताना कर्रकन आवाज झाला. अध्यक्षांनी ती अधिसूचना सावकाश, मोठ्यानं वाचली. कुठल्या रस्त्यापासून कुठल्या नाल्यापर्यंत मनाई आहे, कसले कागद, परवानगी कोणाकडे मागायची, सगळं. छापखान्यातून आल्यापासून ती पहिल्यांदाच कोणीतरी वाचत होतं, आणि ती मोडल्याबद्दल कोंडलेला माणूस समोर उभा राहून ती पहिल्यांदाच ऐकत होता.

बाहेर आल्यावर साहेब कपाळ पुसत म्हणाले, "पाहिलं? एकही प्रश्न अडला नाही माह्या. आता अजून एक पत्र येईल बहुतेक." हसू दाबायला मला पदर तोंडाशी धरावा लागला. गल्लीत असे बेअक्कल शहाणे पुष्कळ असतात, पण स्वतःच्या हातानं स्वतःच्या सरकारचा खटला बुडवून वर बक्षिसाची वाट बघणारा मी एकच पाहिला.

मंडळानं लेखी मत दिलं. जी मनाई कोणाच्या हाती पोचलीच नाही, मागूनही दिली गेली नाही, ती मोडली म्हणून माणसाला कोंडता येत नाही. दिलीप सुटला. ज्योत्स्ना बंगल्याच्या फाटकाशी आली, आत आली नाही, मला बाहेर बोलावून तिनं माझे दोन्ही हात धरले आणि रडली. मीही रडले. त्याबद्दल मला अजिबात संकोच नाही.

मग गृहखात्याचे ते तरुण अधिकारी जीपमधून आले. दिवाणखान्यात साहेबांवर इतके ओरडले की वरून घरमालक खाली डोकावले. "सब गुड़ गोबर कर दिया आपने!" मनाईहुकूम नव्यानं निघणार होता, शब्दन्‌शब्द तोच. पण आता वाटप दिसलं पाहिजे. आणि सगळ्यात आधी प्रत त्या माणसाच्या घरी गेली पाहिजे, सही घेऊन, म्हणजे पुन्हा मला माहीत नव्हतं म्हणायला तोंड राहणार नाही. साहेब खुर्चीत बसून नुसते मान हलवत होते. वाटा म्हणजे काय करायचं, हे त्यांना खरोखर समजत नव्हतं.

नवा गठ्ठा आला. साहेबांनी त्याचा वास घेतला नाही. त्यांनी ज्योत्स्नाला पत्र धाडलं, आपल्या अर्जानुसार प्रत उपलब्ध आहे, येऊन घेऊन जावी. ती आली. दिलीप फाटकाबाहेर रस्त्यापलीकडे थांबला. साहेबांनी तिला समोरच्या दारातून आत बोलावलं, खुर्ची दिली, मंगलूला चहा सांगितला. मग गठ्ठ्यातून एक प्रत काढून दोन्ही हातांनी तिच्यापुढे ठेवली. शेजारी सहीचा कागद, पेनाचं टोपण काढून.

ज्योत्स्नानं कागदाला हात लावला नाही. "हा तोच का?"

"तोच. तुम्हाले पायजे होता ना. घ्या. इथं सही करा."

"तेव्हा पायजे होता," ती म्हणाली आणि उठली.

साहेब गोंधळले. तिच्यामागे दारापर्यंत आले, मग पायऱ्या उतरले, मग फाटकापर्यंत, चपला आतच राहिल्या, तापलेल्या फरशीवर अनवाणी. "बाई, ओ बाई! घ्या ना. पैसे नका देऊ. फुकट घ्या. तुमच्याचसाठी काढली." त्यांचा आवाज चिरकला होता. ज्या माणसानं आयुष्यभर कोणाला कागद दिला नाही तो रस्त्यात उभा राहून, घ्या म्हणून विनवत होता. मला दया यायला हवी होती. नाही आली.

ज्योत्स्ना थांबली. वळून शांतपणे म्हणाली, "नको साहेब. तुम्हीच ठेवा. तुमच्यापाशी आहे तोवर माह्या नवरा बाहेर आहे."

ती रस्ता ओलांडून गेली. साहेब हातातली प्रत छातीशी धरून फाटकात उभे राहिले. समोरून माणसं जात होती, भाजीवाला, शाळेतल्या बाया, सायकलवरचे कामगार. एकाच्याही पुढे ती करायला त्यांचा हात उचलला नाही.